पोरसाचे उत्तर : ‘सिकंदर’च्या संहितेतील राष्ट्र

मुंबईच्या मिनर्व्हा मूव्हीटोनचा ‘सिकंदर’ हा हिंदी चित्रपट १९४१ मध्ये प्रदर्शित झाला. दिग्दर्शक सोहराब मोदी यांनीच पोरसाची भूमिका केली. सिकंदर झाले पृथ्वीराज कपूर. चित्रपट आठवतो तो युद्धदृश्यांसाठी आणि मोदींच्या खणखणीत वाणीसाठी. पण त्यातील खरा पेच संहितेचा आहे.

ही संहिता पंडित सुदर्शन यांची. त्यांची अडचण मूलभूत होती. इ. स. पू. ३२६ मधील झेलमकाठच्या लढाईचा समकालीन भारतीय उल्लेख उपलब्ध नाही. आहे ते ग्रीक-लॅटिन लेखकांचे. त्यांतील प्लुटार्क आणि अ‍ॅरियन तर घटनेनंतर चार शतकांहून अधिक काळाने लिहीत होते. म्हणजे परचक्राला तोंड देणारा ‘राष्ट्रीय’ वीर घडवायचा, तोही आक्रमकाच्याच पक्षातील वृत्तांतांतून. शिवाय या साधनांत राष्ट्र नाहीच. तक्षशिलेचा राजा आहे, पोरस आहे, दोघांचे वैर आहे. ‘कशी वागणूक हवी?’ या प्रश्नाला पोरसाचे उत्तर ‘राजासारखी’ असे आहे. त्यात देश येत नाही. प्रजाही येत नाही.

पटकथेने ही पोकळी भरून काढली. आंभीचे शेजारवैर फितुरी ठरले आणि राजाचा मानीपणा देशाभिमान. रुखसाना पोरसाला राखी बांधते आणि सिकंदराला अभय मिळवते. (ही रुखसाना म्हणजे वनमाला, मराठी प्रेक्षकाला त्या ‘श्यामची आई’ म्हणूनच अधिक परिचित.) येथे इतिहासकार कालविपर्यासाचा आक्षेप घेईल, आणि तो रास्तच आहे. परंतु कथेचा सारा भार याच धाग्यावर आहे. रणात हरलेल्या पक्षाला नैतिक विजय मिळवून देण्याचा दुसरा मार्ग संहितेजवळ नव्हता. द्विजेंद्रलाल राय (१९११) आणि जयशंकर प्रसाद (१९३१) यांनी याच काळावर नाटके लिहिताना विजयी चंद्रगुप्ताचा आधार घेतला. सुदर्शन पराभूताजवळ थांबले. पारतंत्र्यातील प्रेक्षकाला तोच जवळचा होता. परकी सैन्य पुढे जाण्यास नकार देते, या शेवटाचा अर्थ महायुद्धाच्या काळात राज्यकर्त्यांनाही उमगला असावा : सेन्सॉरची मान्यता असूनही लष्करी छावण्यांतील काही चित्रपटगृहांत या चित्रपटावर बंदी आली.

दख्खनच्या कोरीव लेखांतला यवन मात्र एवढा एकरंगी नाही. छत्रपती संभाजीनगरच्या दक्षिणेस असलेले पैठण ही सातवाहनांची राजधानी. त्या घराण्यातील गौतमीपुत्राला त्याच्या आईच्या नाशिक येथील लेखात शक-यवन-पह्लवांचा निर्दालक म्हटले आहे. त्याच डोंगरातील दुसरे एक लेणे उत्तरेकडून आलेल्या इंद्राग्निदत्त नावाच्या यवनाने बौद्ध संघासाठी खोदविले. पहिल्या लेखातून राष्ट्रजन्माची पटकथा सहज उभी राहील. दुसऱ्यात शत्रूच नाही. सुदर्शन यांच्या संहितेत इंद्राग्निदत्ताला एकही संवाद मिळाला नसता.