वायपरचें पातें आणि जुनी मोटार

मोटारगाडीच्या अंगांची मोजदाद करतांना इंजिन, गिअर, ब्रेक यांचीं नांवें प्रथम घेतलीं जातात. समोरच्या कांचेवरून पाणी पुसून काढणारी रबराची पट्टी त्या यादींत बहुधा शेवटीं येते, आणि पुष्कळदां येतही नाहीं. तथापि मुसळधार पावसांत गाडीचें सारें सामर्थ्य या पट्टीच्याच स्वाधीन असतें. इंजिन उत्तम चालत आहे, ब्रेक चोख आहेत, पण पुढून जाणारा माणूस चालकास दिसत नाहीं, अशा वेळीं बाकीच्या यंत्रांचा उपयोग काय? जुनी मोटार हौसेनें जपणारांना हा प्रश्न दर वर्षीं जूनच्या पहिल्या पावसांत भेटतो. दुकानांत मिळालेलें नवें पातें गाडीला बसत नाहीं. बसलें तर नीट पुसत नाहीं. आणि दोष मात्र गाडीच्या वयाला दिला जातो. वास्तविक दोष वयाचा नसून त्या वयाचा विसर पडल्याचा असतो. मोटारीची कांच जसजशी बदलली तसतसें वायपरचें पातेंही बदललें. तेव्हां कोणत्या गाडीला कोणतें पातें लागेल, हें या इतिहासावरूनच ठरतें.

या इतिहासाचा आरंभ मोटारींत नसून ट्राममध्यें आहे. विसाव्या शतकाच्या आरंभीं एका हिवाळ्यांत अमेरिकेच्या अलाबामा संस्थानांतील मेरी अँडरसन या बाई न्यूयॉर्क शहर पाहावयास गेल्या होत्या. बर्फमिश्रित पाऊस पडत होता. ट्रामच्या कांचेवर ओलें बर्फ थापलें जाऊन पुढचें कांहींच दिसेना, तेव्हां चालकानें समोरचें तावदान उघडलें आणि बोचरें वारें तोंडावर घेत तो गाडी हांकूं लागला. हा प्रकार इतरांनीं रोजचाच म्हणून सोडून दिला असता. अँडरसनबाईंनीं तो सोडला नाहीं. चालकाला जागा न सोडतां आंतून एक मूठ फिरवून बाहेरची कांच पुसतां यावी, अशी योजना त्यांनीं आखली, आणि १० नोव्हेंबर १९०३ रोजीं त्यांना तिचें पेटंट मिळालें. त्या योजनेंत रबर लावलेली एक झुलती दांडी होती, ती कांचेवर दाबून धरण्यास स्प्रिंग होती, आणि हवा निवळल्यावर सारा सरंजाम काढून ठेवण्याची सोय होती. दांडी, स्प्रिंग आणि रबर हीं आजच्या वायपरचीं तीन मुख्य अंगें या पहिल्या आराखड्यांतच आढळतात.

१९०५ सालीं कॅनडांतील एका कंपनीला त्यांनीं हें पेटंट देऊं केलें. या वस्तूला व्यापारी मूल्य नाहीं, असें उत्तर आलें. सतरा वर्षांची मुदत भरून १९२० मध्यें पेटंट संपलें, आणि मोटारींना वायपर सर्रास लागूं लागले ते त्याच सुमारास. अँडरसनबाई १९५३ पर्यंत हयात होत्या. परंतु या शोधापासून त्यांना द्रव्यलाभ झाला नाहीं. संशोधकांचा गौरव करणाऱ्या अमेरिकेतील राष्ट्रीय संस्थेच्या नामावलींत त्यांचें नांव दाखल झालें तें २०११ सालीं.

युरोपांतही हीच अडचण भासत होती. जर्मनीचे बादशहा दुसरे विल्हेल्म यांचे बंधु प्रिन्स हाइन्रिख यांनीं १९०८ सालीं हातानें चालविण्याच्या वायपरचें पेटंट घेतलें. परंतु या उपकरणाचा मोठा धंदा उभा राहिला तो अमेरिकेच्या बफेलो शहरीं, आणि तोही एका अपघातांतून. जॉन ओइशेई हे तेथील एका नाट्यगृहाचे व्यवस्थापक. १९१७ च्या सुमारास पावसांत मोटार हांकतांना त्यांच्या गाडीची एका सायकलस्वाराला धडक बसली. स्वार बचावला, पण समोरचा माणूस आपणांस दिसलाच नाहीं, ही गोष्ट ओइशेई यांच्या मनांतून जाईना. त्याच शहरच्या जॉन जेप्सन यांनीं केलेलें 'रेन रबर' नांवाचें एक हातउपकरण त्यांच्या पाहण्यांत आलें. तें विकण्यासाठीं त्यांनीं जी कंपनी काढली, तीच पुढें ट्रायको या नांवानें प्रसिद्धीस आली. त्या काळीं समोरची कांच वरखालीं दोन तुकड्यांची असे. मधल्या फटींत हें रेन रबर बसवीत आणि हातानें इकडून तिकडे सरकवीत.

एका हातांत चक्र आणि दुसऱ्या हातांत वायपर, हा संसार फार दिवस चालण्यासारखा नव्हता. विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकांत इंजिनाच्या शोषणशक्तीवर चालणारा वायपर प्रचारांत आला. इंजिन हवा आंत ओढतें तेव्हां त्याच्या नळींत जी पोकळी निर्माण होते, तिच्याकडून वायपर हलविण्याची ही युक्ति होती. ती स्वस्त होती, पण तिच्यांत एक गोम होती. चढावर चालक पाय दाबतो, इंजिनाचें तोंड पूर्ण उघडतें आणि पोकळी नाहींशी होते. म्हणजे गाडीला जोर लागावा आणि नेमका त्याच वेळीं वायपरनें दम टाकावा! जनरल मोटर्सनें १९२८ सालीं मुंबईंत शिवडीस गाड्यांची जुळणी सुरू केली, आणि त्या पिढीच्या अमेरिकन गाड्या हिंदुस्थानच्या रस्त्यांवर दिसूं लागल्या. अशा वायपरची गाडी घेऊन आषाढांत बोरघाट चढणाराला क्षणभर पाय उचलावा, कांच पुसली जाऊं द्यावी, आणि मग पुन्हां पाय दाबावा, याखेरीज गत्यंतर नसे. जर्मनींत बॉश कंपनीनें १९२६ सालीं विजेचा वायपर बाजारांत आणला आणि चढाचा प्रश्न सोडविला. तरी अमेरिकेतील कांहीं गाड्यांत जुनी पद्धत १९७० च्या आसपासपर्यंत टिकून होती.

तोंवर कांच सपाट होती, म्हणून सरळ पातें पुरेसें होतें. १९३४ सालीं क्रायस्लर कंपनीच्या इंपीरियल एअरफ्लो गाडीला अखंड वक्र कांच आली, आणि दुसऱ्या महायुद्धानंतर अशा कांचांचा प्रसार झाला. सरळ पातें वक्र कांचेवर ठेवलें तर तें कांहीं ठिकाणीं टेकतें आणि कांहीं ठिकाणीं अधांतरीं राहतें. यावर निघालेला उपाय बैलगाडीच्या जुवासारखा आहे. मधोमध एक मोठी कमान, तिच्या दोन टोंकांना दोन लहान कमानी, आणि त्यांच्या टोंकांनीं धरलेली रबराची पट्टी. दांडीचा दाब या सांध्यांतून वांटला जातो व रबर कांचेच्या वळणाप्रमाणें वांकतें. रबराच्या दोन्ही बाजूंस पोलादाच्या दोन बारीक पट्ट्या असतात. त्या कण्याचें काम करतात. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धांतील बहुतेक गाड्यांना हेंच सांध्यांचें पातें शोभतें.

१९९९ सालीं बॉशनें बिनसांध्याचें चपटें पातें आणलें. त्याच्या पोटांत पोलादाची एकच पट्टी असते आणि तिला विशिष्ट कांचेच्या मापानें आधींच बांक दिलेला असतो. नव्या गाड्यांवर तें उत्तम काम करतें. परंतु तेंच पातें सपाट कांचेच्या जुन्या गाडीला लावलें आणि दांडीची स्प्रिंग मऊ असली, तर टोंकें टेकतात व मध्यभाग उचललेला राहतो. चालकाच्या अगदीं डोळ्यांपुढें पाण्याचा पट्टा उरतो. नवें तें चांगलें, ही समजूत येथें फसते.

वायपरच्या गतीचाही एक इतिहास आहे. रॉबर्ट कर्न्स या अमेरिकन इंजिनिअराचा एक डोळा १९५३ सालीं बाटलीचें बूच उडून अधू झाला होता. पापणी जशी थांबून थांबून मिटते तसा वायपर कां चालूं नये, या विचारानें त्यांनीं मध्यें विसांवा घेणारा वायपर बनविला, आणि १९६७ सालीं त्याचें पेटंट मिळविलें. पुढें मोटार कंपन्यांशीं त्यांचे खटले वर्षानुवर्षें चालले. फोर्ड कंपनीनें १९९० सालीं सुमारें एक कोटि डॉलर देऊन वाद मिटविला. ज्या जुन्या गाडींत हा विसांवा नाहीं, तिचें पातें रिमझिम पावसांत अर्धवट कोरड्या कांचेवर घांसत राहतें आणि लवकर झिजतें. १९६८ पासून लागू झालेल्या अमेरिकेच्या नियमानुसार वायपरच्या दोन गतींपैकीं एक तरी मिनिटाला निदान ४५ फेऱ्यांची असावी लागते. एका फेरींत जाणें व येणें धरलें, तर तासाभरांत कांच ५,४०० वेळां पुसली जाते.

तरीही रबराचा मोठा शत्रु घर्षण नव्हे. तो उन्हांत व हवेंत आहे. सूर्यप्रकाश आणि ओझोन वायु यांनीं रबर कडक होतें व त्याला बारीक भेगा पडतात. मुंबईच्या जुन्या मोटारींना हें विशेष लागू पडतें. कुर्ल्याच्या प्रीमियर कारखान्यांतून निघालेली पद्मिनी हें त्यांतलें सर्वांच्या ओळखीचें उदाहरण. मूळ फिएट ११०० या इटालियन गाडीपासून आलेली ही मोटार अनेक दशकें मुंबईची टॅक्सी म्हणून राबली. शेवटच्या पद्मिनी टॅक्सीची मुदत ऑक्टोबर १९२३ नव्हे, तर त्यानंतर बरोबर शंभर वर्षांनीं, ऑक्टोबर २०२३ मध्यें संपली. आतां ज्या उरल्या आहेत त्या हौशी लोकांच्या घरीं. त्यांचा वायपर आठ महिने एकाच बाजूला कललेला, उन्हांत कांचेवर दबून पडलेला असतो. रबराची धार त्याच बाजूला कायमची वळते. निरोगी धार दर फेरीच्या शेवटीं कलंडून दुसऱ्या बाजूला पडते आणि पाणी ओढीत नेते; वळलेली धार कलंडत नाहीं, उड्या मारते, आणि मग ती ओळखीची खडखड ऐकूं येते. म्हणून पातें वापरलें नाहीं, अर्थात् तें चांगलें असेल, हा हिशेब चुकीचा आहे. बदलावयाचें तें मे महिन्याच्या अखेरीस, पाऊस पडण्यापूर्वीं.

निवड करतांना तीन गोष्टी पाहाव्या लागतात. पहिली लांबी. जुन्या पात्याचें रबर टोंकापासून टोंकापर्यंत मोजावें आणि तेवढेंच घ्यावें. लांब पात्यानें कांच अधिक पुसली जाईल असें वाटतें. पण दांडीचा तोच दाब जास्त लांबीवर पसरून विरळ होतो, जुन्या मोटरवर ताण येतो, आणि पातें कांचेच्या चौकटीवर आपटतें. दुसरी गोष्ट दांडीचें टोंक. अलीकडचीं बरींच पातीं आंकड्याच्या टोंकासाठीं असतात. हा आंकडा ९ मिलिमीटर रुंद, पण जाडींत कोठें ३ तर कोठें ४ मिलिमीटर असतो, आणि एवढ्या फरकानेंही पातें सैल राहतें. त्याहून जुन्या दांड्यांचें टोंक सरळ असून तें पात्याच्या खोबणींत सरकवावें लागतें. जुनें पातें काढून दुकानांत बरोबर नेणें हा सर्वांत खात्रीचा मार्ग. तिसरी गोष्ट कांचेचें वळण. तिचा विचार वर आलाच आहे.

धातूचा सांगाडा शाबूत असेल तर केवळ रबर बदलूनही भागतें. मात्र जुन्या रबरांतील पोलादी पट्ट्या फेंकून देऊं नयेत. त्यांच्या खांचा व बांक पाहून त्या नव्या रबरांत तशाच घालाव्या. दांडी उचलल्यावर कांचेवर जाड फडकें घडी करून ठेवावें. पातें काढलेली दांडी हातून निसटली तर तिचें उघडें लोखंड कांचेवर आदळतें, आणि जुन्या गाडीची कांच मिळविणें हें पातें मिळविण्याहून फार कठीण काम आहे. शेवटीं कांच साबणाच्या पाण्यानें धुवावी. तेलकट कांचेवर नवें रबरही जुन्यासारखेंच वागतें.

ज्या वस्तूला व्यापारी मूल्य नाहीं असें एकदां लेखी कळविण्यांत आलें होतें, ती आज रस्त्यावरील प्रत्येक मोटारीच्या कांचेवर आहे. तिचें खरें मूल्य बफेलोच्या त्या पावसांत ठरलें. तो सायकलस्वार चालकाला दिसला नाहीं; आणि तसा माणूस आजही पावसांत डोक्यावर छत्री धरून रस्ता ओलांडीत असतो. जुन्या मोटारीच्या धन्यानें मे महिन्यांत बदललेलें पातें मोटारीच्या शोभेसाठीं नसून त्या माणसासाठीं असतें.