घरचा इतिहास आणि चित्रपट

पिंपरीचा इतिहास कोणी लिहावयास बसला, तर तो बहुधा १९५४ सालापासून आरंभ करील. त्या सालीं येथें हिंदुस्थान अँटिबायॉटिक्स ही कंपनी स्थापन झाली व पुढें चिंचवडपासून चाकणपर्यंत कारखान्यांची रांगच लागली. कारखान्यांचे अहवाल असतात, हिशेब असतात. त्यांचा इतिहास लिहिणें त्या मानानें सोपें. परंतु त्याआधींच, १९४७ च्या फाळणीनंतर, सिंध सोडून निघालेलीं कुटुंबें पिंपरीच्या छावणींत येऊन राहिलीं होतीं. त्यांनीं मागें काय टाकलें, याची नोंद कोणत्या दप्तरांत सांपडणार?

आनंद पटवर्धन यांचा 'वसुधैव कुटुंबकम्' हा २०२३ सालचा माहितीपट पाहतांना हा प्रश्न आमच्या मनांत आला. पटवर्धन हे कोणाच्या पदरीं न राहतां चित्रपट काढणारे गृहस्थ. 'हमारा शहर' (१९८५) मध्यें त्यांनीं मुंबईच्या झोपडपट्ट्या दाखविल्या; 'राम के नाम' (१९९२) मध्यें अयोध्येचा वाद. या चित्रपटांत मात्र त्यांनीं कॅमेरा आपल्याच घराकडे वळविला आहे. वडील नगरच्या पटवर्धन घराण्यांतील, रावसाहेब व अच्युतराव यांचे बंधु. पैकीं अच्युतराव १९४२ च्या लढ्यांत भूमिगत राहिले होते. आई निर्मलाबाई मृत्पात्रकलेंत नांवाजलेल्या. त्यांचें माहेर सिंधमधील हैदराबादचें. वृद्ध आईबाप घरांत बोलत आहेत, एकमेकांची थट्टा करीत आहेत आणि मुलगा विचारीत आहे, एवढाच काय तो थाट. पण नगरचा लढा व सिंधची ताटातूट हीं दोन्ही त्या एका घरांत भेटतात.

इतिहासाचे पंडित येथें हरकत घेतील. म्हाताऱ्यांची स्मृति सनावळींत चुकते आणि मुलगा आईबापांचा न्यायाधीश कसा होणार? हरकत खरी आहे. आम्हीही वर्गांत विद्यार्थ्यांना हेंच शिकवीत आलों. परंतु सनावळी दप्तरांतून ताडून घेतां येते. घराला कुलूप लावतांना माणसाला काय वाटलें, हें दप्तरांत नसतें. तें सांगणारा आवाज, सांगतां सांगतां थांबणारी जीभ आणि दुसरीकडे वळलेली नजर हींही साधनेंच होत आणि तीं टिपण्यास चित्रपटासारखें दुसरें साधन नाहीं.

फाळणीच्या वेळीं जें मूल दहा वर्षांचें होतें, तें आज नव्वदीच्या घरांत आहे. चित्र व आवाज टिपणारें यंत्र आतां प्रत्येकाच्या खिशांत असतें, आणि तरीही लग्नाच्या पंगतीपलीकडे आपण त्यांत फारसें कांहीं सांठवीत नाहीं. पटवर्धनांचें कौशल्य सर्वांना साधेल असें नाहीं. विचारणें मात्र साधेल. आमच्या स्वतःच्या वडिलांना आम्हीं तें कधीं विचारलें नाहीं. वाचकांनीं तरी ती चूक करूं नये, म्हणून हा लेखप्रपंच.