मशीनची हजेरी

नव्वदच्या दशकात पुण्यात ऑफिसांचे कॉम्प्युटर सांभाळणाऱ्या आमच्यासारख्यांच्या खिशात अँटिव्हायरसची फ्लॉपी कायम असे. 'साहेब, जरा उठता का?' म्हणायचं, मशीन त्या फ्लॉपीवरून चालू करायचं आणि स्कॅन संपेपर्यंत शेजारी ताटकळायचं. लाहोरहून निघालेला 'ब्रेन' १९८६चा. तो आणि त्याच्या मागून आलेले बरेच व्हायरस फ्लॉपीवरूनच फिरत, त्यामुळे उपायही फ्लॉपीने भागे. रहिमतपूरचे कैलास काटकर कॅल्क्युलेटर दुरुस्त करता करता या धंद्यात आले. त्यांचे धाकटे भाऊ संजय यांनी 'क्विक हील' हे अँटिव्हायरस लिहिलं तेही पुण्यातच, याच काळात.

नेटवर्क आलं आणि ही पद्धत संपली. २५ जानेवारी २००३ला 'स्लॅमर' हा वर्म नेटवर्कवरून दहा मिनिटांत जगभर पसरला. तो ज्या त्रुटीतून शिरला, ती बुजवणारा मायक्रोसॉफ्टचा पॅच सहा महिने आधीच निघालेला होता. कुठल्या मशीनवर तो बसलेला नाही, हे मात्र बऱ्याच कचेऱ्यांत कुणी सांगू शकत नव्हतं.

सगळ्या मशीनवर एका जागेवरून लक्ष ठेवणारी, अँटिव्हायरस कंपनी मॅकअफीच्या 'ईपॉलिसी ऑर्केस्ट्रेटर'सारखी साधनं तोवर आली होती. प्रत्येक मशीनवर एक छोटा प्रोग्राम बसवायचा, तो एजंट. सर्व्हर मशीन शोधत फिरत नाही. एजंटच ठरावीक वेळाने सर्व्हरला गाठतो, आपली आवृत्ती आणि अपडेटची तारीख कळवतो, नवे नियम घेऊन येतो. शाखेची लाइन ६४ केबीपीएसची असली, तर एकाच मशीनने अपडेट उतरवायचं, बाकीच्यांनी त्याच्याकडून घ्यायचं. एजंट काढायला पासवर्ड. (अकाउंट्सवाल्यांनी यावरून आम्हाला बरंच सुनावलं.) व्हायरस पकडण्यापेक्षा मला यातली हजेरी मोलाची वाटते. कन्सोलवर जे मशीन कित्येक दिवस गप्प दिसे, तिथेच आधी पोचायला हवं असे.

मात्र एका जागेवरून चूकही सगळीकडे जाते. २१ एप्रिल २०१०ला मॅकअफीच्या ५९५८ क्रमांकाच्या अपडेटने विंडोज एक्सपीची स्वतःचीच एक फाइल व्हायरस ठरवली. मशीन पुन्हा पुन्हा बंद-चालू होत राहिली. त्यानंतर आम्ही नवं अपडेट आधी आपल्याच खात्याच्या मशीनवर सोडू लागलो. १९ जुलै २०२४ला ही खबरदारीही अपुरी पडली. क्राउडस्ट्राइक या सुरक्षा कंपनीच्या सदोष फाइलने सुमारे ८५ लाख विंडोज मशीन बंद पाडली. आपल्याकडे विमानतळांवर बोर्डिंग पास हाताने लिहिले गेले. एजंटची आवृत्ती मुद्दाम एक पाऊल मागे ठेवणारेही त्यात सापडले, कारण तो नियम एजंटच्या आवृत्तीला लागू होता, रोज येणाऱ्या असल्या फाइलींना नव्हे. त्याही टप्प्याटप्प्याने घ्यायची सोय ग्राहकांना मिळाली ती नंतर.