१७. थर्मोडायल्यूशन

हृदय दर मिनिटाला किती रक्त पुढे ढकलते, ते मोजण्याची पद्धत. विश्रांतीत असलेल्या प्रौढाचे हृदय साधारण ५ लिटर ढकलते. मानेच्या शिरेतून घातलेल्या नळीवाटे उजव्या कर्णिकेत बहुधा १० मि.लि. थंड सलाइन झटकन सोडतात. नळीचे टोक फुप्फुसधमनीत असते. त्याजवळचा थर्मिस्टर, म्हणजे तापमान टिपणारा बारीकसा कण, रक्त किती गार झाले आणि किती वेळ तसे राहिले ते नोंदवतो. प्रवाह जोरदार असेल तर गारवा चटकन वाहून जातो आणि आलेखावरचा उंचवटा लहान येतो. हृदय थकलेले असेल तर तो मोठा आणि पसरट. एका आकड्यावर विसंबणे धोक्याचे, म्हणून तीनेक वेळा मोजून सरासरी काढतात. उजवीकडची त्रिदली झडप गळत असेल, तर ही सरासरीही फसवी ठरू शकते. संशोधक फेगलर यांनी १९५४ साली ही पद्धत प्राण्यांवर वापरून दाखवली. त्यासाठी वापरतात ती, टोकाला फुगा असलेली स्वान-गांझ नळी १९७० ची. मुंबईत परळच्या केईएम रुग्णालयात डॉ. प्रफुल्लकुमार सेन यांनी फेब्रुवारी १९६८ मध्ये देशातले पहिले हृदयारोपण केले, तेव्हा ही नळी अजून आलेली नव्हती.