समानार्थी पुनर्लेखन

समानार्थी पुनर्लेखन म्हणजे एखाद्या उताऱ्यातील शब्द व वाक्प्रयोग यांच्या जागी त्याच अर्थाचे दुसरे शब्द योजून तो उतारा पुन्हा लिहिणे. भाषांतरात भाषा बदलते. येथे भाषा तीच राहून केवळ शब्द बदलतात. सारांशलेखनाप्रमाणे मजकूर लहान करणे यात अभिप्रेत नसते.

व्याकरण व अर्थ

मराठीत एक शब्द बदलला तरी वाक्यातील इतर पदे बदलावी लागतात. ‘मोठे झाड पडले’ या वाक्यात ‘वृक्ष’ हा शब्द घातल्यास ‘मोठा वृक्ष पडला’ असे लिहावे लागते, कारण ‘झाड’ नपुंसकलिंगी आणि ‘वृक्ष’ पुल्लिंगी आहे.

वाक्प्रचारात शब्दाची अदलाबदल चालत नाही. ‘पाणी’ व ‘जल’ समानार्थी असले तरी ‘पाणी पाजणे’ (पराभव करणे) याऐवजी ‘जल पाजणे’ म्हणता येत नाही. अशा ठिकाणी संपूर्ण वाक्प्रचाराचाच पर्याय शोधावा लागतो.

प्रादेशिक शब्द

तिवसा परिसरासह वऱ्हाडात शेताला ‘वावर’ आणि कपाशीच्या झाडाला ‘पऱ्हाटी’ म्हणतात. ‘वावरात पऱ्हाटी उभी आहे’ हे वाक्य ‘शेतात कपाशी उभी आहे’ असे लिहिल्यास अर्थ टिकतो, पण बोलीची ओळख पुसली जाते. वऱ्हाडात ‘सांबार’ म्हणजे कोथिंबीर. इतरत्र या शब्दाने दाक्षिणात्य आमटीचा बोध होतो. बोलीतील उताऱ्याचे पुनर्लेखन करताना म्हणूनच शब्दाचा स्थानिक अर्थ आधी पाहावा लागतो.

प्राचीन ग्रंथांतील पाठभेद

हस्तलिखितांच्या काळात नकलकारांकडून जुन्या शब्दांच्या जागी परिचित शब्द येत आणि त्यातून पाठभेद निर्माण होत. ज्ञानेश्वरीत (शके १२१२, इ.स. १२९०) असे अपपाठ शिरल्यामुळे संत एकनाथांनी शके १५०६ (इ.स. १५८४) मध्ये तिची शुद्ध प्रत सिद्ध केली. अमरावती जिल्ह्यातील रिद्धपूर येथे म्हाइंभटांनी रचलेल्या लीळाचरित्राची मूळ प्रत, महानुभाव परंपरेनुसार, पुढे परचक्रात नष्ट झाली. अनुयायांनी ते स्मरणातून पुन्हा लिहिले. त्याचेही अनेक पाठ उपलब्ध आहेत. श्रीचक्रधरांचे शब्द जसेच्या तसे जपणे हे या पंथाने कर्तव्य मानल्यामुळे पाठाचा प्रश्न तेथे श्रद्धेचाही ठरतो.

वाङ्मयचौर्य

केवळ शब्द बदलल्याने लेखन स्वतंत्र ठरत नाही. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८ च्या विनियमांत दुसऱ्याचे लेखन किंवा कल्पना स्वतःची म्हणून मांडणे, अशी वाङ्मयचौर्याची व्याख्या आहे. त्यांनुसार १० टक्क्यांपर्यंतच्या साम्यास दंड नाही. प्रबंधात ६० टक्क्यांहून अधिक साम्य सिद्ध झाल्यास विद्यार्थ्याची नोंदणी रद्द होते. शब्द बदलून टक्केवारी घटली, तरी घेतलेली कल्पना दुसऱ्याचीच राहते. त्यामुळे मूळ लेखकाचा निर्देश आवश्यक असतो.

अध्यापनातील उपयोग

शब्दसंग्रह वाढवणे आणि अर्थच्छटांतील भेद ओळखणे यांसाठी हा सराव उपयुक्त आहे. उतारा पूर्ण वाचून, तो मिटून, आशय स्वतःच्या वाक्यांत लिहावा व नंतर मुळाशी ताडून पाहावा. शब्दागणिक बदल करण्यापेक्षा या पद्धतीत आकलनाची कसोटी अधिक लागते.