हजार वर्षांचा मसाला?

मसाल्याच्या पाकिटावर अंबरनाथच्या शिवमंदिराचं चित्र आणि खाली ‘हजार वर्षांची परंपरा’ असं छापलं, की गिऱ्हाईक भुलतं. मंदिर जवळजवळ तेवढं जुनं आहेच. तिथल्या शिलालेखात शके ९८२, म्हणजे सन १०६० आहे, राज्य शिलाहारांचं. पण मसाल्यात लाल मिरची किती असते, बघा! ती मूळची अमेरिकेतली. पोर्तुगीज १४९८ साली भारतात आले, त्यानंतर ती इकडे पोचली. शिलाहारांच्या स्वयंपाकघरात तिखट व्हायचं ते मिऱ्यानं.

पापडावर ‘उल्हासनगर, १९२० पासून’ लिहिलं, तर तेही खोटंच. दुसऱ्या महायुद्धात तिथे कल्याणची लष्करी छावणी होती. फाळणीनंतर सिंधमधून आलेली कुटुंबं तिथल्या बराकींत राहिली आणि ८ ऑगस्ट १९४९ ला वस्तीला उल्हासनगर नाव मिळालं. घरदार सोडून आलेल्या कितीतरी बायकांनी पापड लाटून संसार उभे केले. रीत सिंधची असेल, तर ‘सिंधची रीत’ असंच लिहावं की! मला तरी राजेरजवाड्यांच्या गोष्टीपेक्षा ही मोठी वाटते.

बदलापूरच्या जांभळाला भौगोलिक मानांकन आहे, पण नोंदणी केल्याशिवाय ते आपल्या बाटलीवर लावता येत नाही. अन्नसुरक्षेच्या २०१८ च्या नियमांत ‘पारंपरिक’ शब्दालाही अट आहे: पद्धत पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली, फारशी न बदललेली हवी. दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीला दंड १० लाखांपर्यंत होऊ शकतो. लेबल छापायला देण्याआधी गटाच्या बैठकीत एकदा मोठ्यानं वाचा.