शेंग कोणाची, रस कोणाचा?



व्याख्यानमालेच्या व्यासपीठावरून राज्यांचा, लढायांचा आणि तहांचा इतिहास आपण पुष्कळ ऐकता. आज मी ज्या वस्तूचा इतिहास सांगणार आहे ती एक साधे तोंडीलावणे आहे. फरसबीच्या कोवळ्या शेंगा घ्यावयाच्या, देठे खुडावयाची, तेलाचा हात लावून त्या भट्टीत किंवा जाड लोखंडी कढईत अंगावर सुरकुत्या पडेपर्यंत भाजावयाच्या, आणि मग सोया सॉस, ठेचलेला लसूण, थोडी लाल मिरची व तिळाचे तेल यांच्या रसात परतून गरम भाताबरोबर वाढावयाच्या. पाश्चात्त्य पाकपुस्तकांत या रसाला 'आशियाई पद्धतीचा' असे मोघम नाव असते. चीनच्या सेच्वान प्रांतात याच जातीचा पदार्थ 'कोरड्या परतलेल्या शेंगा' या नावाने घरोघर होतो. तेथे त्यात थोडा खिमा आणि खारवून मुरवलेली पालेभाजीही पडते.

हा पदार्थ कोणाचा, एवढाच आजचा प्रश्न आहे. प्रश्न क्षुल्लक वाटेल. परंतु 'हे आमचे आणि ते परक्यांचे' असे निवाडे आपण पोशाखाविषयी, भाषेविषयी आणि माणसांविषयीही इतक्या सहजपणे करीत असतो की, एकदा एका ताटलीवर तो निवाडा नीट पुरावे घेऊन करून पाहणे बरे.

प्रथम शेंग घेऊ. 'फरसबी' हा शब्द म्हणजे 'फ्रेंच बीन' या इंग्रजी नावाने आपल्या तोंडी घेतलेले रूप होय. म्हणजे नावावरून ही शेंग फ्रान्सची ठरते. पण फ्रान्सलाच काय, सबंध युरोपला ही वनस्पती १४९२ पूर्वी ठाऊक नव्हती. त्या वर्षी कोलंबस क्यूबाच्या किनाऱ्यावर उतरला तेव्हा स्पेनमधील कडधान्यांहून निराळ्या शेंगा त्याच्या दृष्टीस पडल्या. पुढे पन्नास वर्षांनी, १५४२ मध्ये, लेओनहार्ट फुक्स या जर्मन वैद्याच्या वनस्पतिग्रंथात हिचे सुरेख चित्र छापले गेले. त्यानंतर ती युरोपच्या मळ्यांत अशी काही रुळली की, ती कोठून आली याचीच आठवण बुजली. १७५३ साली लिनियसने तिला 'फासिओलस व्हल्गारिस' हे शास्त्रीय नाव दिले आणि तिचे मूळ स्थान म्हणून चक्क हिंदुस्थानचे नाव लिहिले! एवढा मोठा शास्त्रज्ञ, पण ज्या खंडाने ही शेंग जगाला दिली ते खंडच त्याच्या नोंदीतून निसटले.

ही भूल दुरुस्त केली ती थडग्यांनी. पेरू देशात आंकोन येथील प्राचीन दफनभूमीचे १८७५ मध्ये उत्खनन झाले. तेथे मृतांबरोबर पुरलेल्या अन्नात जे बी सापडले ते विटमाक या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञाने तपासले आणि ते याच जातीचे असल्याचे ओळखले. स्पॅनिश शिपाई तेथे पोहोचण्यापूर्वीच्या माणसांचे ते अन्न होते. अलीकडील आनुवंशिक संशोधनाने याहून पुढची गोष्ट दाखवून दिली. मेक्सिकोत एकदा आणि अँडीज पर्वताच्या परिसरात एकदा, अशी दोन ठिकाणी स्वतंत्रपणे या रानवेलीची लागवड सुरू झाली. आणि तीही काही हजार वर्षांपूर्वी. रानातील शेंग पिकली की तडकते आणि दाणे उधळून टाकते. न तडकणाऱ्या, मोठ्या दाण्याच्या, कोवळेपणी मऊ राहणाऱ्या शेंगा पिढ्यान्‌पिढ्या निवडून त्यांचेच बी राखणे, हे काम ज्या स्त्रीपुरुषांनी केले त्यांपैकी एकाचेही नाव इतिहासाला माहीत नाही.

त्यांची शेतीही विचारपूर्वक केलेली होती. मक्याच्या ताटावर ही वेल चढवावयाची आणि खाली भोपळा पसरू द्यावयाचा. मका वेलीला आधार देतो, वेलीच्या मुळांवरील गाठींतले सूक्ष्म जंतू हवेतील नत्र जमिनीत आणतात, आणि भोपळ्याची पाने ओल धरून ठेवतात. आस्तेक राजाला जिंकलेल्या प्रांतांकडून जो खंड येई, त्यात या कडधान्याची कोठारेच्या कोठारे असत, असे १५४१ च्या सुमाराच्या मेंदोसा चित्रसंहितेवरून दिसते. आपला राजमा आणि सातारा जिल्ह्यातील कोरेगावकडचा वाघ्या घेवडा ही याच वनस्पतीची वाळलेली बी. कोवळी खाल्ली की ती फरसबी, पिकू दिली की राजमा.

येथे नावांची एक गंमत सांगण्यासारखी आहे. रोमन लोक 'फासेलुस' म्हणत ते चवळीसारख्या एका जुन्या कडधान्याला. तेच नाव युरोपने नवागत शेंगेला चिकटवले. आपणही तेच केले. घेवडा आपल्याकडे फार जुना. त्याचे नाव या पाहुणीला देऊन आपण तिला 'श्रावणघेवडा' केले आणि घरात घेतले. माणसाला नवी वस्तू पचते ती जुन्या नावाच्या अनुपानाने.

आता रसाकडे वळू. मिंग राजवटीच्या उत्तरार्धात मका, रताळे, मिरची अशी अमेरिकेची पिके चीनमध्ये शिरली. ही शेंगही त्याच ओघातली. चिनी लोकांनी तिला 'चार ऋतूंची शेंग' म्हटले. मिरचीचा उल्लेख गाओ ल्येन या लेखकाने १५९१ मध्ये केला आहे, आणि तिचे नाव दिले आहे 'परदेशी मिरी'. सतराव्या शतकाच्या मध्यास युद्धांनी आणि दुष्काळाने सेच्वान ओसाड पडला. पुढे इतर प्रांतांतून तेथे माणसे येऊन वसली आणि त्यानंतरच्या दीड-दोन शतकांत मिरची त्या प्रांताच्या स्वयंपाकाची जणू ओळखच होऊन बसली. तिळाची गोष्ट आपल्या अधिक जवळची. हडप्पा येथे जळालेले तीळ सापडले आहेत. तिळाची लागवड सिंधूच्या खोऱ्यात साडेचार हजार वर्षांपूर्वी होत होती. चीनमध्ये तिळाचे एक जुने नाव आहे, त्याचा अर्थ 'पश्चिमेकडील परक्यांचा ताग' असा होतो.

तेव्हा या ताटलीत खास चिनी असे काय उरले? सोयाबीन उरले, आणि त्याहून महत्त्वाची अशी एक विद्या उरली. सोयाबीन ही उत्तर चीनची भूमिकन्या. पण तिचा दाणा नुसता शिजवून खावा तर पचावयास जड आणि चवीला उग्र. चिनी गृहिणीने आणि कारागिराने तो बुरशीच्या स्वाधीन केला. दाणे वाफवावयाचे, भाजून भरडलेल्या गव्हात मिसळावयाचे, त्यांवर एक विशिष्ट बुरशी दोन-तीन दिवस वाढू द्यावयाची, आणि मग ते सारे मिठाच्या पाण्यात महिनोन्‌महिने मुरत ठेवावयाचे. बुरशी दाण्यातील प्रथिने फोडते, मीठ कुजण्याला आवरते, आणि शेवटी दाबून जो काळसर रस निघतो तो सोया सॉस. इसवी सनाच्या सहाव्या शतकात ज्या स्येश्ये याने लिहिलेल्या शेतीविषयक ग्रंथात अशा आंबवणाच्या कृती तपशीलवार दिलेल्या आहेत. त्याची गोडी कशात आहे, हे मात्र शास्त्राला पुष्कळ उशिरा, १९०८ साली समजले. त्या वर्षी इकेदा या जपानी रसायनज्ञाने समुद्रशेवाळाच्या सारातून ग्लुटामेट वेगळे काढून त्या चवीला 'उमामी' हे नाव दिले. तेच द्रव्य या रसात विपुल असते.

आणि येथेही नाव मधल्या माणसाचेच लागले. जपानी लोक या रसाला 'शोयु' म्हणत. नागासाकीच्या बंदरातील डच व्यापाऱ्यांनी १६४७ पासून तो बाहेर नेण्यास आरंभ केला आणि 'शोयु'चे 'सोया' केले. १६७९ मध्ये इंग्रज तत्त्ववेत्ता जॉन लॉक आपल्या रोजनिशीत पूर्वेकडून येणाऱ्या दोन चटण्यांची नोंद करतो. एक आंब्याची आणि दुसरी ही. पुढे युरोपात दाण्यालाही रसावरूनच नाव मिळाले, बापाला मुलावरून ओळखावे तसे! विसाव्या शतकात गांधीजींनी १९३५ मध्ये वर्ध्याच्या मगनवाडीत या दाण्याचे आहारातील प्रयोग केले. आज मराठवाड्यात आणि विदर्भात सोयाबीनची शेतेच्या शेते उभी आहेत, पण त्यांचे तेल गाळले जाते, पेंड कोंबड्यांना जाते, आणि ज्याने ते पिकवले त्याच्या ताटात ते क्वचितच येते.

पदार्थ जमतो कसा, हेही पाहण्यासारखे आहे. कोवळ्या शेंगेत पाणीच फार. ते आचेने आटले की शेंगेची साखर एकवटते, कड करपते आणि आकसलेली शेंग रस शोषून घेते. अर्धकच्ची शेंग मात्र बाधते. तिच्यातील एका प्रथिनाने मळमळ आणि उलट्या होतात, आणि ते नष्ट होण्यास शेंग पुरती शिजावी लागते. म्हणून 'सुरकुत्या पडेपर्यंत' ही जी अट आहे ती केवळ चवीची नाही, अनुभवाने शिकवलेली आहे.

कोणी म्हणेल, नावात काय आहे? नावात मालकी आहे. १९९४ मध्ये एका अमेरिकन व्यापाऱ्याने मेक्सिकोतून पिवळ्या दाण्यांची एक पिशवी विकत नेली. तेच बी आपल्या शेतात निवडून लावले, त्याला 'एनोला' असे नाव दिले आणि १९९९ मध्ये त्यावर पेटंट मिळवले. मग मेक्सिकोतून तसलाच पिवळा दाणा अमेरिकेत येऊ लागला की त्यावर हा गृहस्थ हक्क सांगू लागला. ज्यांच्या पूर्वजांनी ते वाण राखले, त्यांच्याच मालाला वाट बंद झाली. कोलंबियातील आंतरराष्ट्रीय शेती संशोधन केंद्राने २००० साली या पेटंटाला आव्हान दिले, आणि अखेर २००९ मध्ये न्यायालयाने ते रद्दच ठरवले. न्याय झाला, पण मधली दहा वर्षे त्या शेतकऱ्यांना कोणी परत केली नाहीत.

तात्पर्य काय? ही ताटली कोणा एकाची नाही हे खरे, पण म्हणून ती कोणाचीच नाही असेही नाही. शेंग मेक्सिकोच्या आणि अँडीजच्या शेतकऱ्यांची, रस चीन-जपानच्या आंबवणाऱ्यांचा, तीळ सिंधूकाठचा, आच सेच्वानच्या स्वयंपाकघराची. ज्यांनी श्रम केले त्यांचा त्या त्या श्रमापुरता हक्क, आणि आपण खाणाऱ्यांकडे ऋण. वस्तू परकी म्हणून दूर लोटणारा आणि ती मुळापासून आपलीच असे सांगणारा, हे दोघेही हे ऋण सारखेच बुडवतात.

फ्रान्सने, लिनियसने, डचांनी आपापली नावे ठेवली. परंतु मेक्सिकोच्या बाजारात आजही कोवळ्या शेंगेला 'एहोते' म्हणतात. हा आस्तेकांच्या नाव्हात्ल भाषेतला जुना शब्द, जिभांच्या वळणाने थोडासा बदललेला. १५२१ मध्ये आस्तेकांची राजधानी पडली आणि राज्य बुडाले, तरी भाजीवालीच्या तोंडचा तो शब्द मात्र टिकून आहे.